तारेवरच्या पोचपावत्या

परदेशीपुरा, इंदूर
२ जुलै

अमिता,

वर आशीर्वाद लिहायची रीत आहे. तो लिहिला असं धर. कागदावर गोड बोलून अलीराजपूरचं इंदूर होत नाही.

फोन तू आर्याशी करतेस. मी हातात घेतला की कटतो. नेटवर्क म्हणतेस. माझ्याच कानाशी आलं की नेटवर्क जातं, एवढं चौथी शिकलेल्या बाईलाही कळतं. म्हणून लिहिते. आणि रजिस्टरनं टाकते, पोचपावती जोडून. तुझे सासरे मिलमध्ये होते तेव्हापासूनचा या घराचा नियम आहे, कामाचा कागद साध्या टपालानं टाकायचा नाही, आणि पोच हातात आल्याशिवाय तो पोचला असं समजायचं नाही. मिल बंद झाली, युनियन बसली, तेही गेले. पण दारामागे ती वाकडी तार आहे आणि तिच्यात चाळीस वर्षांच्या पोचा ओवलेल्या आहेत. लग्न होऊन आलीस तेव्हा हसली होतीस, म्हणालीस, आई, ही माळ कोणत्या देवाला घालायची. तुला यतीननं तरी सांगायला हवं होतं की आमच्याकडे देवापेक्षा आवक-जावक मोठी.

तू गेलीस त्याला पंधरवडा झाला. त्या दिवशी चारलाच घरी आलीस, चपला न काढता उंबऱ्यावर बसलीस, आणि हातातला कागद आर्यानं वाचला. प्रशासकीय आधार पर तबादला, अलीराजपूर, आणि दुसऱ्या कागदावर एकतरफा भारमुक्त. म्हणजे तू मागितलं नाहीस तरी सोडलं. मी म्हटलं, सरकारी नोकरी आहे, जिथे पाठवतील तिथे जायचं. तेव्हापासून तू बोलत नाहीस. बोलले ते बोलले. परत घेत नाही.

काल आर्याला घेऊन कुमुदिनी वकिलीणबाईंकडे गेले होते, तुझे कागद द्यायला. तुकोगंजला तिसरा मजला, लिफ्ट बंद. बाई चांगल्या आहेत, फक्त झरझर बोलतात. म्हणाल्या, हायकोर्टानं तबादला रद्द केला नाही, कायमही केला नाही. न्यायाधीश म्हणाले, कोण कुठे बसेल ते सरकार ठरवेल, आम्ही त्यात हात घालत नाही. पण अर्जदार बाईंचं म्हणणं ऐकून घ्या. तर तू भोपाळच्या मोठ्या साहेबांना अभ्यावेदन, म्हणजे लेखी म्हणणं, द्यायचंस, आणि त्यांनी साठ दिवसांत तुला समोर बोलावून बोलता आदेश काढायचा. मी विचारलं, आदेश बोलतो म्हणजे काय. म्हणाल्या, आजी, नुसतं ‘नाही’ लिहून चालत नाही, का नाही ते लिहावं लागतं. मी म्हटलं, मग हा कायदा घरात का लावत नाहीत.

साठ दिवस म्हणजे सप्टेंबर लागतो. आर्याची दहावी आहे. गणिताला तुझ्याशिवाय कुणाजवळ बसत नाही आणि माझ्याजवळ बसून उपयोग नाही. पोहे पुरे म्हणते आणि डबा अर्धा परत आणते. रात्री तुझ्या पलंगावर झोपते, स्वतःच्या नाही. हे तुला रडवायला लिहीत नाही. माहिती म्हणून लिहिते.

एक ऐक. वकिलीणबाई म्हणत होत्या, कुणी शिकायत केली असेल तर तिच्यावर पाठवलंय का ते काढू. तू त्या फंदात पडू नकोस. कुणी केली, काय केली, खोदून काय मिळतं. बीळ खोदलं तर उंदीरच निघेल असं नाही.

मनोरमा

*

१५ जुलै

अमिता,

पोच आली. तुझी सही आहे, उजवीकडे कललेली. पत्राला उत्तर नाही, पण सही आहे. तारेला लावली.

तू ऐकलं नाहीस. सूचनेच्या, म्हणजे माहितीच्या अधिकारात अर्ज टाकलास, की फाइलमध्ये जो शिकायतीचा कागद आहे त्याची नक्कल द्या. पत्ता इथला घातलास, कारण तिथे भाड्याची खोली बदलायची आहे म्हणे. आर्यानं सांगितलं. कुमुदिनीबाईंनाही भेटले. त्या म्हणाल्या, कागद हाती आला तर केस उभी राहते. सरकारला तबादल्याचा हक आहे, पण कुणाच्या चुगलीवर, न विचारता, न तपासता पाठवलं तर तो तबादला नाही, ती सजा आहे. आणि सजा द्यायची तर आधी विचारावं लागतं. मी म्हटलं, आणि कागदावर नावच नसेल तर. त्यांनी चष्म्यावरून बघितलं. म्हणाल्या, आजी, तुम्हाला कसं माहीत नाव नसेल. मी म्हटलं, चुगली करणारा नाव टाकतो होय.

आता तुझ्या ऑफिसातल्या निशिगंधेचं. रविवारी आली होती, पाच पायऱ्या चढून दारात उभी. म्हणाली, “आजी, अमितादीदी माझा फोन उचलत नाहीत. त्यांना वाटतं त्यांचं टेबल मला मिळावं म्हणून मी लिहिलं. ऑफिसात आता कोणी माझ्याबरोबर डबा खात नाही.”

मी म्हटलं, “टेबल मिळालंच ना तुला.”

“मिळालं नाही, अंगावर पडलं. दोन टेबलांचं काम करते. त्यांना एवढं सांगा की मी नाही लिहिलं. माझ्या पोराची शपथ.”

पोराची शपथ घेऊ नकोस म्हटलं. चहा दिला. अर्धा ठेवून गेली. कप धुताना मला काही बरं वाटत नव्हतं, पण ते वयामुळेही असेल.

तिच्यावर घेऊ नकोस. ती पोरगी असलं काही करणारी नाही. तिला दोन ओळी धड लिहिता येत नाहीत, व्हॉट्सॅपवर बोटं नाचवते तेवढंच.

आणि विषय निघालाच आहे तर लिहिते. तो तुझ्या ऑफिसचा लक्ष्मीकांत परवा गेटपाशी स्कूटर थांबवून आर्याला विचारत होता, मम्मी कशी आहे. दोन वर्षं रोज रात्री आठला, कधी नवाला तुला सोडायचा. सिटी बस बंद झाली होती का. गल्ली विचारते, उत्तर मला द्यावं लागतं. यतीन जाऊन सहा वर्षं झाली. त्याच्या जागी अनुकंपेवर तुला नोकरीला लावताना सहमतीच्या कागदावर सही माझी होती. वारसाचा हक मीही सांगू शकले असते. बाईनं त्याच्या आईच्या सहीवर मिळालेल्या खुर्चीवर बसून आठ वाजवायचे आणि मी दाराशी उभं राहायचं, हे मला पटलं नव्हतं. पटलेलं नाही. तेवढंच.

मनोरमा

*

२८ जुलै

अमिता,

हे पत्र तीनदा फाडलं. आर्याची वही संपली, नवी आणायची आहे.

गुरुवारी पोस्टमन आला. तुझ्या नावाचं पाकीट. सही मी केली. फोडायला नको होतं, फोडलं. तुझ्याच ऑफिसचं उत्तर. वर एक कागद, खाली शिकायतीची झेरॉक्स. चार दिवस झाले, पिठाच्या डब्यामागे ठेवलंय. कुमुदिनीबाई रोज विचारतात, आला का. मी म्हणते, सरकारी काम आहे बाई, वेळ लागतो.

ती झेरॉक्स वाचायला मला चष्मा लागला नाही. पाठ आहे. मीच लिहिलीय.

मार्चमध्ये, एकादशीच्या दिवशी दुपारी, तू ऑफिसात असताना. आर्याच्याच वहीचा मधला कागद. हिंदीत लिहिली, मिलच्या अर्जांसारखी. सेवा में, श्रीमान. सहा वर्षं एकाच टेबलावर बसलीय, टाइमवर घरी जात नाही, परपुरुषाच्या गाडीवर फिरते, काम करून द्यायची मिठाई घेते. खाली एक नागरिक.

मिठाईचं तुला आठवत असेल. दिवाळीला तो पेन्शनवाला म्हातारा डबा ठेवून गेला होता. तू माझ्यावर ओरडलीस, त्याच पावली त्याच्या घरी जाऊन परत देऊन आलीस. त्यातला एक पेढा मी आधी खाल्ला होता. तेच मी लिहिलं. खाल्ला मी, नाव तुझं.

मला काय पाहिजे होतं ते सांगते. साहेब तुला आत बोलावतील, दटावतील, टेबल बदलतील. तू सहाला घरी येशील. ती स्कूटर बंद होईल. कुणी माझ्या यतीनच्या पोरीला दुसऱ्याच्या घरी घेऊन जाणार नाही. मला वाटलं टेबल बदलेल. त्यांनी जिल्हा बदलला. मे महिन्यात तबादल्यांवरची बंदी उठली आणि त्यांना याद्या भराव्या लागतात, हे मला कुठे माहीत होतं. कुणालातरी पाठवायचंच होतं, आणि माझा कागद फाइलमध्ये तयार बसला होता.

त्या दिवशी उंबऱ्यावर तू कागद धरून बसलीस तेव्हा आर्या वाचत होती आणि मला माझंच वाक्य ऐकू येत होतं. म्हणून म्हटलं, जायचं असतं. दुसरं काही तोंडातून निघण्यासारखं नव्हतं.

माफी मागत नाही. मी माफी मागितल्यानं तू घाट चढून परत येणार नाहीस. विचारते एवढंच, हा कागद कुमुदिनीबाईंना देऊ का. दिला तर अक्षर आर्या ओळखेल. नाही दिला तर केस लंगडी. तू सांग. तू सांगशील तसं करते.

मनोरमा

*

९ ऑगस्ट

अमिता,

माझं पाकीट परत आलं. न फोडलेलं. वर निळ्या पेनानं लिहिलंय, लेने से इनकार. आर्याला विचारलं तर म्हणाली, मम्मी म्हणते आजीची पत्रं मी घेणार नाही, त्यात लक्ष्मीकांतकाका असतात. बरोबर आहे. त्याच्या आधीच्या पत्रात होता.

पाकीट हातात घेऊन पाटावर बसले होते. मनात आलं ते लिहिते, लपवत नाही. मनात आलं, सुटलीस मनोरमा. तू कबूल केलंस, देवानं ऐकलं, पोस्टानं परत आणून दिलं. आता डब्यामागचा कागद चुलीत घाल. नक्कल पुन्हा मागवायला महिना जातो, तोवर साठ दिवस संपतात. भोपाळचे साहेब लिहितील, प्रशासकीय आवश्यकता, अभ्यावेदन अमान्य. वर्षभरात कधीतरी तुला जवळ आणतील. आर्या माझ्याकडे राहील. मला पाहिजे होतं तेच की.

मग निशिगंधा आठवली. तिचा अर्धा चहा.

तर काल एकटीच कुमुदिनीबाईंकडे गेले. तीन मजले चढून जाईपर्यंत बोलायला श्वास नव्हता, म्हणून कागदच टेबलावर ठेवला. त्यांनी वाचला. म्हणाल्या, “हे उत्तम झालं. गुमनाम शिकायत, ना तपास, ना नोटीस. आता म्हणू की हा आकसानं लिहिलेला कागद आहे, ऑफिसातल्याच कुणीतरी.”

मी म्हटलं, “ऑफिसातल्या कुणी नाही. मी.”

त्या हसल्या. मला वाटतं पहिल्यांदाच कुणीतरी माझ्या खऱ्या बोलण्यावर हसलं. “आजी, सून वाचवायला तुम्ही अंगावर घेताय. भोपाळचे साहेब असलं रोज ऐकतात. सास को सिखाकर लाए हैं, असं लिहून मोकळे होतील, आणि अमिताचंच नाव खराब होईल.”

“अक्षर बघा माझं.”

“अक्षराला तज्ज्ञ लागतो. तेवढा वेळ नाही.”

तेव्हा मी पिशवीतून पोच काढली.

अमिता, तू हसशील. हस. शिकायतीत मी नाव घातलं नाही, पण पाठवली रजिस्टरनं, पोचपावती जोडून. पोस्टातला म्हणाला, अम्मा, पोच कहाँ आएगी, नाव-पता लिखो. लिहिलं. श्रीमती मनोरमाबाई रामभाऊ घोलप, परदेशीपुरा. पोच आपल्याकडे यायला नको का. चाळीस वर्षांचा हात आहे, त्याला गुमनाम काय कळतंय. भोपाळच्या आवक बाबूनं ती शिकायतीच्या पाकिटावरून सोडवली, शिक्का मारला, सही केली, तारीख घातली, १९ मार्च, आणि माझ्या घरी परत पाठवली. माझं नाव त्यांच्या हातात होतं, त्यांनीच मला परत केलं आणि फाइलवर लिहिलं, अज्ञात. तेव्हापासून ती इथे तारेवर होती, तुझ्या सहीच्या खाली तीन बोटं. तू दाराआड छत्री अडकवतेस ना, तिच्याच मागे.

कुमुदिनीबाईंनी पोच दोन्हीकडून बघितली. मग हसल्या नाहीत. म्हणाल्या, शपथपत्र लिहू. पण आजी, खोटी शिकायत केली असं लिहून द्यावं लागेल, त्याचा त्रास होऊ शकतो. आणि अमिताला मला सांगावंच लागेल, ती माझी पक्षकार आहे, तुम्ही नाही. मी म्हटलं, सांगा. तिनं माझं पत्र घेतलं असतं तर तुमचा फोन वाचला असता.

परत आलेल्या पाकिटात जे होतं ते एका ओळीत पुन्हा लिहिते, म्हणजे दुसऱ्याच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलंस असं नको. शिकायत मी केली.

हेही रजिस्टरनं टाकते. पोस्टातला म्हणत होता, पुढच्या महिन्यापासून रजिस्टर बंद, सगळं स्पीड पोस्टात जाणार. एकेक करत सगळंच बंद करताहेत.

मनोरमा

*

२० ऑगस्ट

अमिता,

पोच आली. म्हणजे घेतलंस.

परवा भोपाळला त्या लांब बाकावर आपण दोघी दोन टोकांना बसलो होतो, मध्ये वकिलीणबाईंची बॅग. तू माझ्याकडे बघितलं नाहीस. बारीक झालीयस. केसांना तेल नाही. मी डब्यात थालीपीठ आणलं होतं, ते तसंच परत नेलं आणि गाडीत एका बाईला दिलं.

तुझं ऐकून झाल्यावर साहेबांनी तुला बाहेर काढलं, मला आणि वकिलीणबाईंना आत ठेवलं. आत काय झालं ते तुला कुमुदिनीबाई सांगतील, पण त्या इंग्रजीत सांगतील. म्हणून लिहिते.

साहेब तरुण आहेत, यतीन आज असता तेवढे. समोर शपथपत्र. म्हणाले, “अम्माजी, आपको मालूम है इसमें क्या लिखा है?”

म्हटलं, “मैंनेच बोला, इन्होंने लिखा. मालूम कैसे नहीं होगा.”

“बहू ने कहा ऐसा लिखने को?”

“बहू मुझसे बात नहीं करती, दो महीने हो गए. बाहर बैठी है, पूछ लो, वो आपको भी नहीं बताएगी.”

मग म्हणाले, घर में झगड़ा होता है, फिर सुलह होती है, बहू का ट्रांसफर हो जाए तो सास को रोटी कौन देगा, इसलिए आप आई हैं. मी म्हटलं, रोटी मैं खुद बनाती हूँ, आपको भी खिला सकती हूँ, भूख हो तो बोलो. बाजूला बसलेला बाबू खाली बघून हसला. साहेब नाही हसले.

मग पोच पुढे सरकवली. उलटीपालटी केली. म्हणाले, “गुमनाम शिकायत कोई रजिस्ट्री से भेजता है? वो भी पावती लगाकर?”

“मैं भेजती हूँ.”

“क्यों?”

म्हटलं, “बिना पावती के सरकार को कागद मिलता नहीं साहेब. मेरे आदमी ने मिल के टाइम सत्रह अर्जी सादी डाक से डाली, एक नहीं मिली.”

त्यांनी बाबूला आवक रजिस्टर आणायला लावलं. बाबू जाडजूड घेऊन आला, बोटाला थुंकी लावून पानं उलटत. १९ मार्च. पाकिटाचा रजिस्ट्री नंबर तोच. पुढच्या रकान्यात प्रेषक, अज्ञात. साहेबांनी पोचेवरचं माझं नाव वाचलं, मग तो रकाना, मग पुन्हा नाव. बाबूला विचारलं, ये किसके दस्तखत हैं. बाबू म्हणाला, मेरे हैं सर. साहेब म्हणाले, तो नाम पढ़ा नहीं? बाबू म्हणाला, सर, पावती में नाम कौन पढ़ता है, दस्तखत करके दे देते हैं.

मग साहेबांनी मला विचारलं. मिठाई की बात सच है? म्हटलं, मिठाई आली होती, तिनं परत केली. एक मी खाल्ला. लिहून घ्या. त्यांनी खरंच लिहून घेतलं. माझा एक पेढा आता भोपाळच्या फाइलमध्ये आहे.

आणि गाडी की बात? मी म्हटलं, साहेब, बस सात वाजता सुटते आणि हिला काम आठपर्यंत होतं, कारण तुम्हीच रिकामी टेबलं भरत नाही. ऑफिसचा माणूस घरी सोडत होता. मी जे लिहिलं ते गल्लीचं तोंड होतं, माझे डोळे नव्हते. हे मी तिथे पहिल्यांदा बोलले. आधी कधी स्वतःशीही बोलले नव्हते.

उठताना म्हणाले, झूठी शिकायत पर कार्रवाई हो सकती है, जानती हैं? म्हटलं, करो. पण मला पाठवायला अलीराजपूरपेक्षा लांबचं काहीतरी शोधा, तिथे सून आहे.

बाहेर आले तेव्हा बाकावर तू नव्हतीस. शेवटची बस पकडायची होती म्हणे. ठीक आहे. मला पण पकडायची होती, इंदूरपर्यंतची.

निशिगंधेकडे इंदूरला उतरल्यावर थेट गेले. दारातच सांगितलं. तिनं आत बोलावलं नाही. बरोबर केलं.

आर्याला रविवारी सांगितलं. तू सांगितलं असशील असं वाटलं होतं, तू सांगितलं नव्हतंस. ती म्हणाली, माझ्या वहीचा कागद होता का. हो म्हटलं. उठून वह्या मोजायला लागली. त्या दिवसापासून वह्या कुलपात ठेवते.

मनोरमा

*

११ सप्टेंबर

अमिता,

बोलता आदेश आला. एक प्रत तुला, एक वकिलीणबाईंना. आर्यानं त्यांच्या फोनवरून वाचून दाखवला, मी गवार निवडत होते.

सात पानं बोललेत साहेब. बरीच पानं कोर्टानं काय म्हटलं त्यातच गेली. मग म्हणतात, शिकायत सत्यापित न करता तबादला झाला, आवेदिकेला बाजू मांडायची संधी मिळाली नाही, म्हणून तो दंडात्मक स्वरूपाचा दिसतो. आदेश निरस्त, म्हणजे रद्द. इंदूरलाच पदस्थापना, त्याच ऑफिसात, दुसऱ्या शाखेत. निशिगंधेला एकाच टेबलाचं काम. आवक बाबूला समज. माझ्यावर कारवाई नाही, वय बघता चेतावनी. आर्यानं ‘चेतावनी’वर माझ्याकडे बघितलं. मी गवार निवडत राहिले.

पाचव्या पानावर एक ओळ आहे. ‘शिकायतकर्ता स्वयं आवेदिका की सास हैं, जिन्होंने उपस्थित होकर स्वीकार किया.’ माझं नाव सरकारी कागदात पहिल्यांदा आलं ते यतीननंतर, तुझ्या नोकरीच्या सहमतीपत्रावर. दुसऱ्यांदा आलं ते हे. तिसऱ्यांदा येईल तेव्हा मी वाचायला नसेन.

आर्या म्हणाली, मम्मी सोमवारी येतेय. नंतर, दाराकडे बघत म्हणाली, मम्मीनं तुकोगंजला खोली बघितलीय, ऑफिसजवळ, दोघींपुरती. निशिगंधामावशीनं शोधून दिली. म्हणजे तुमचं बोलणं सुरू झालं. बरं झालं.

खोलीबद्दल मी काही बोलणार नाही. बोलायचा हक मार्चमध्ये एकादशीला संपवला. पण आर्याचं सामान मी बांधलेलं नाही, बांधणारही नाही. वह्या, कपडे, तुझा पलंग, तिची ती निळी रजई, सगळं जागेवर आहे. न्यायचं असेल तर तू ये आणि हातानं बांध. दार सकाळी सहापासून उघडं असतं. लक्ष्मीकांतच्या स्कूटरवरून आलीस तरी उघडंच असेल. त्याला चहा देईन. साखर घालेन की नाही ते त्या दिवशी बघू.

परत आलेलं ते पाकीट तुझ्या कपाटात ठेवलंय, वरच्या खणात, न फोडता. वाचू नकोस वाटलं तर नको वाचू. फक्त वरचा पोस्टाचा शिक्का बघ. २८ जुलै आहे. भोपाळची तारीख लागायच्या आधीचा, वकिलीणबाईंना सांगायच्या आधीचा. एवढंच तुला कळावं असं होतं.

पोस्टात गेले होते. रजिस्टरची खिडकी आता स्पीड पोस्टची झाली. मुलगा नवीन आहे, म्हणाला, अम्मा, पावती लगेगी, घर बैठे दस्तखत आ जाएँगे. मी पाच रुपयाचं तिकीट घेतलं आणि लाल डब्यात टाकायचं ठरवलं.

तर हे साध्या टपालानं येतंय. पोच नाही. तुला मिळालं की नाही हे मला कळणार नाही, आणि मिळालंच नाही असं तू म्हणालीस तर माझ्याकडे दाखवायला काही नाही.

मनोरमा